लग्नाआधी सिकलसेलची तपासणी कायद्याने सक्तीची का करत नाहीत?

तुमचा प्रश्न असा, की सिकलसेल हा आईबापांकडून येणारा रक्ताचा आजार थेंबभर रक्तात कळत असेल तर लग्न ठरण्याआधी ही तपासणी सक्तीची करायला काय हरकत आहे, यात नैतिक प्रश्न आला कुठून. मी पूर्व विदर्भात बरीच वर्षं प्रयोगशाळेत याच तपासण्या करतो. माझं मत: तपासणी सगळ्यांनी करावी, सक्ती नको, आणि रिपोर्ट सासरच्यांच्या हातात तर अजिबात जाऊ नये.

आधी हिशेब. प्रत्येकाला एक जनुक आईकडून, एक वडिलांकडून मिळतं. दोन्ही चांगली म्हणजे एए, एकच सदोष म्हणजे वाहक (एएस), दोन्ही सदोष म्हणजे रुग्ण (एसएस). दोघंही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात मूल रुग्ण असण्याची शक्यता २५ टक्के. ती प्रत्येक वेळी नव्याने लागू होते. पहिलं आजारी निघालं म्हणून पुढची तीन सुटली, असं नसतं. जोडीदार एए असेल तर एसएस मूल होत नाही. वाहकाला स्वतःला सहसा काही त्रासही नसतो.

पण गावात ‘वाहक’ आणि ‘आजारी’ हा फरक टिकत नाही. मुलगा वाहक निघाला तर घरात गप्प बसतात. मुलगी निघाली तर स्थळं परत जातात, आणि मग तिच्या धाकट्या बहिणीचीही. ‘पत्रिका जुळवता तशी सिकलसेल तपासणीची कार्डं जुळवा’ असा प्रचार होतो. पत्रिकेनं मुलींचं काय केलंय ते आपण बघितलेलंच आहे.

सिकलसेल हा हिमोग्लोबिनच्या (रक्तात प्राणवायू वाहणाऱ्या प्रथिनाच्या) रेणूतला दोष आहे, हे १९४९ साली अमेरिकन रसायनशास्त्रज्ञ लायनस पॉलिंग आणि सहकाऱ्यांनी दाखवलं. याच पॉलिंगनी १९६८ साली सुचवलं, की वाहक तरुणांच्या कपाळावर खूण गोंदावी, म्हणजे दोन वाहक एकमेकांच्या प्रेमात पडणारच नाहीत. हेतू भलाच होता. (आपल्याकडे कपाळावर काय आहे ते गावाला गोंदल्याशिवायच कळतं, तो भाग वेगळा.) पुढे अमेरिकेतल्या काही राज्यांनी सक्तीचे कायदे केले आणि निरोगी कृष्णवर्णीय वाहकांना नोकरी-विम्यात त्रास झाला. विदर्भात हा आजार जास्त आढळतो तो दलित आणि आदिवासी समाजांत. सक्तीचा कायदा आला तर त्याचं ओझं कोणाच्या डोक्यावर बसेल, ते सांगायला नको.

बरं, शिक्का बसूनही उपयोग होतो का? ग्रीसमधल्या ओर्कोमेनोस या गावात सिकलसेलची गावभर तपासणी झाली होती. त्यावरचा अभ्यास सत्तरच्या दशकात प्रसिद्ध झाला. वाहकांची बदनामी झाली, काहींनी लग्न ठरवताना लपवलं आणि दोन वाहकांमधली लग्नं कमी झालीच नाहीत.

याउलट सायप्रस. तिथे थॅलेसेमियाचं, म्हणजे असाच आईबापांकडून येणाऱ्या हिमोग्लोबिनच्या आजाराचं, प्रमाण मोठं. लग्नाआधी चर्च प्रमाणपत्र मागतं, पण त्यावर तपासणी आणि समुपदेशन झालं एवढंच लिहिलेलं असतं, निकाल नाही. निकाल फक्त जोडप्याला माहीत. दोघं वाहक निघाले तरी बहुतेक जोडपी लग्न करतातच आणि गरोदरपणात गर्भाची तपासणी करून घेतात. तीही एक सक्तीच आहे, मान्य. पण कागद तिसऱ्याच्या हातात पडला तरी त्यातून काही फुटत नाही.

गर्भाची तपासणी आपल्याकडेही कायदेशीर आहे. गर्भलिंग सांगायला बंदी घालणारा कायदाच हिमोग्लोबिनचे आजार तपासायला परवानगी देतो. तिथून पुढचा निर्णय मात्र अवघड असतो आणि तो त्या बाईचा असतो. २०२३ साली सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेचं लक्ष्य २०४७ पर्यंत सिकलसेलचं निर्मूलन हे आहे. ते मला पटतं. तरी त्रास कमी करणाऱ्या हायड्रॉक्सियुरियाच्या गोळ्या घेऊन कॉलेज, नोकरी, संसार करणारे एसएस तरुण रोज समोर दिसतात, तेव्हा ‘असं मूल नकोच’ हे वाक्य मला कोणाला सांगता येत नाही. जनुक-संपादनाच्या उपचाराबद्दलही विचारतात. कॅसजेव्ही या अशा उपचाराला २०२३ च्या शेवटी ब्रिटन आणि अमेरिकेत मान्यता मिळाली. अमेरिकेतली किंमत २२ लाख डॉलर, त्यामुळे आमच्याकडे तो विषय तिथेच संपतो.

तुमच्या घरात लग्नाचं बघत असाल तर एक करा: तपासणी स्थळं यायच्या आधी, कॉलेजच्या वयातच करून घ्या. आणि नुसत्या सोल्युबिलिटी टेस्टवर (झटपट होणाऱ्या प्राथमिक चाचणीवर) थांबू नका. त्यात एएस की एसएस ते कळत नाही. हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणाऱ्या एचपीएलसी किंवा इलेक्ट्रोफोरेसिस या तपासणीचा रिपोर्ट मागा आणि तो ज्याचा आहे त्याच्याच हातात द्या.