लग्नाला ३ आठवडे उरलेत, लिस्ट संपत नाही, झोप लागत नाही, शांत कसं राहू?

तुम्ही लिहिलंय की लिस्ट रोज वाढतेय, रात्री झोप नाही आणि आईशी दोनदा कडाक्याचं वाजलंय. आधी शांत राहायचा प्रयत्न सोडा, खरंच सांगते. माझ्या लग्नाच्या आधी मला जो भेटेल तो "टेन्शन घेऊ नकोस" म्हणायचा आणि मला त्याचंच जास्त टेन्शन यायचं, कारण मी नाही घेतलं तर हॉलवाल्याला फोन कोण करणार होतं?

माझ्या लग्नाच्या १६ दिवस आधी रात्री दीड वाजता मी पाणी प्यायला उठले आणि ओट्यावर लाइट बिल पडलेलं त्याच्या पाठीमागे डोक्यात येईल ते लिहीत सुटले. खुर्च्या कमी पडतील का. कपडे अजून टेलरकडेच. काकांचा गुडघा (म्हणजे त्यांना जिना चढवत नाही, लिफ्ट चालू आहे का विचारायचं). बिलाची मागची बाजू लिहून भरली, मग दुसरा कागद घेतला. ४३ गोष्टी निघाल्या. सकाळी मोजलं तर माझ्यावाचून अडतील अशी त्यात फक्त ९ होती, बाकीची घरातल्या कुणीही केली असती, पण ती कामं आहेत हे कुणाला माहीतच नव्हतं ना, सगळी माझ्या डोक्यात. आणि मी दिवसभर चिडचिड करत फिरत होते की कुणी मदतच करत नाही.

अर्धवट राहिलेलं काम पूर्ण झालेल्या कामापेक्षा जास्त आठवत राहतं असं ब्लूमा झायगार्निक या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९२७ मध्ये मांडलं होतं. पुढे २०११ मध्ये मॅसिकॅम्पो आणि बाउमाइस्टर या दोघांच्या प्रयोगांत दिसलं की काम संपवायलाच हवं असंही नाही, ते कधी आणि कसं करणार एवढं पक्कं ठरवलं तरी मन त्याचा पिच्छा सोडतं. म्हणून नुसती लिस्ट करून भागत नाही, ती बघून उलट धडकी भरते. "फोटोग्राफर" असं लिहू नका, "मंगळवारी ११ वाजता भाऊ फोटोग्राफरला फोन करेल" असं लिहा. प्रत्येक ओळीत एक नाव आणि एक दिवस. एकच नाव हं, "आपण सगळे बघू" म्हणजे कुणीच बघत नाही.

फोनवरून आठवलं. आठवडाभर आधी ज्यांना ज्यांना ॲडव्हान्स दिलाय त्या सगळ्यांना परत फोन करा आणि तेच ते विचारा: किती वाजता येणार, प्रत्यक्ष कोण येणार (मालकाचा नंबर असून उपयोग नाही, जो माणूस सामान घेऊन येणार त्याचा घ्या), पैसे किती बाकी. आणि मग तेच व्हॉट्सॲपवर लिहून पाठवा. आमच्या डेकोरेटरला मी ८ सांगितलं होतं, मालकाने पोरांना ८ सांगितलं, आणि पोरं धरून चालली होती रात्रीचे ८!! हे ६ दिवस आधी कळलं ते निव्वळ मी "सकाळी ८" असा मेसेज टाकला आणि तिकडून "सकाळी??" असा रिप्लाय आला म्हणून.

बाकी पैशांची पाकिटं आदल्या दिवशीच करून वर नावं घालून एकाच माणसाकडे द्यायची, तुमच्याकडे नाही. शेवटचे दोन दिवस तुमचा फोनही कुणाला तरी देऊन टाका. माझा आत्येभावाकडे होता, त्याला समोरच्याला न दुखावता नाही म्हणता येतं, मला आजही जमत नाही.

अजून एक, एक तारीख ठरवा आणि त्यानंतर काहीही बदलायचं नाही. मी १० दिवस आधीची ठरवली होती. त्यानंतर कुणी कितीही भारी आयडिया पाठवली तरी "मस्त आहे" म्हणायचं आणि विसरून जायचं, आणि दुसऱ्यांच्या लग्नाचे रील्स तर तेवढे दिवस बंदच ठेवा.

तब्येतीचं पटकन सांगते. चेहऱ्याला नवीन क्रीम, नवीन फेशियल शेवटच्या दोन आठवड्यांत अजिबात नको, रिॲक्शन आली तर उतरायला वेळ मिळत नाही. नवीन चपला-बूट रोज थोडा वेळ जाड मोजे घालून घरातच वापरा. आणि संध्याकाळी उशिरा कॉफी नको, कॅफीन निम्मं उतरायला साधारण ५ तास लागतात, म्हणजे ६ ला प्यायलेली कॉफी ११ ला अंथरुणात तुमच्यासोबतच असते.

आता आईचं, जे मला वाटतं तुमचं खरं दुखणं आहे. आमचं भांडण वरवर बघता पाहुण्यांच्या खोल्यांवरून झालं होतं, पण मुद्दा हा होता की मी तिला सारखी कामं सांगत होते आणि विचारत काहीच नव्हते, आणि वर तिने केलेलं काम परत तपासत होते. शेवटी पाहुण्यांची उतरायची सोय हे अख्खं खातं तिला देऊन टाकलं. अख्खं म्हणजे अख्खं, मी डोकावणार नाही, तिने माझ्यापेक्षा वेगळं केलं तरी गप्प बसेन. पहिले दोन दिवस जीभ चावून चावून बसले. तिने दोन चुलत्यांना, जे एकमेकांशी बोलत नाहीत, एकाच मजल्यावर ठेवलं होतं, ते बघूनही मी काही बोलले नाही, आणि झालं काय तर काहीच नाही, दोघं आपापली दारं लावून झोपले.

तुम्ही पण आईला विचारून बघा, यातलं कुठलं काम पूर्ण तुझं म्हणून हवंय. लगेच उत्तर मिळेल असं नाही. माझी आई आधी "मला काय, तुम्ही सांगाल ते करते" म्हणून फणकारली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ७ लाच वही-पेन घेऊन माझ्या उशाशी येऊन बसली.