घाटात दम टाकणारी डिझेल गाडी

प्रश्न : गगनबावड्याच्या चढाला गाडी ओढत नाही, काळा धूर सोडते, चेक इंजिनचा दिवा लागलाय. टर्बो बदलू का? – एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : दादा, टर्बोला, म्हणजे इंजिनात जादा हवा दाबणाऱ्या भागाला, इतक्यात हात लावू नका. आधी उद्यमनगरातल्या कुठल्याही गॅरेजात स्कॅनर, म्हणजे गाडीचा बिघाडाचा कोड वाचणारं यंत्र, लावून घ्या. पी०४०२ कोड आला, तर ईजीआर व्हॉल्व्ह, म्हणजे जळालेल्या धुराचा काही भाग परत इंजिनात सोडणारी झडप, बहुतेक उघडाच अडकलाय. गाडी नुसती शहरातल्या शहरात, महाद्वार ते राजारामपुरी फिरली, की इंजिन नीट तापत नाही आणि आत डांबरासारखी काजळी धरते. इंजिन थंड असताना बॅटरी सोडवून व्हॉल्व्ह काढा. कार्ब क्लीनर (काजळी विरघळवणारा फवारा) आणि नायलॉन ब्रशनं झडप मोकळी करा. व्हॉल्व्हच्या विजेच्या मोटरच्या भागात थेंबही जाऊ देऊ नका. गॅस्केट (जोडावरचं सील) नवंच घाला. पत्रा लावून ईजीआर बंद करा म्हणणाऱ्याचं मात्र ऐकू नका. नायट्रोजन ऑक्साइडचा विषारी धूर वाढतो.