वाचकांचे प्रश्न : पडद्यावर वय की खेळ?

प्रश्न : मी खानापूर तालुक्यातील असून माहितीपटाचे शिक्षण घेतले आहे. सत्तरी ओलांडलेले, पूर्वी तालमीत घाम गाळलेले आणि आता ज्येष्ठांच्या स्पर्धांत गोळाफेक व धावण्यासाठी उतरणारे आमच्या भागातील काही खेळाडू मी चित्रित करीत आहे. चित्रीकरण पाहणारा प्रत्येक जण ‘या वयातही काय जिद्द!’ एवढेच म्हणतो. त्यांच्यातला खेळाडू कसा दाखवावा? शिवाय एका आजोबांना धाप लागल्याची दृश्ये वगळावीत, असा त्यांच्या मुलांचा आग्रह आहे.

उत्तर : वय पाहणाऱ्याला आपोआप दिसते, खेळ मात्र उलगडून दाखवावा लागतो, आणि बहुतेक माहितीपट नेमके इथेच आळस करतात. ज्येष्ठांच्या ॲथलेटिक्समध्ये वयाच्या ३५व्या वर्षापासून दर पाच वर्षांचा एक गट असतो आणि वयानुसार साधनेही हलकी होत जातात. पुरुषांचा गोळा पन्नाशीत ६ किलोचा, साठीत ५ किलोचा, सत्तरीत ४ किलोचा आणि ऐंशीनंतर ३ किलोचा असतो. त्यामुळे ७९ वर्षांचा गोळाफेकपटू आपल्या गटात सर्वांत थोरला असतो, तर पुढच्याच वाढदिवसाला हलका गोळा हाती घेऊन नव्या गटात सर्वांत धाकटा ठरतो. ऐंशीव्या वाढदिवसाकडे डोळे लावून बसलेला माणूस प्रेक्षकांना भेटवा. मग जिद्दीचे कौतुक मागे पडेल आणि हे गृहस्थ जिंकायला आले आहेत, हे त्यांच्या ध्यानात येईल.

तालमीची पूर्वपीठिका तुमच्याकडे आहेच, पण तिचा उपयोग केवळ जुन्या छायाचित्रांपुरता करू नका. ताक, तेल आणि हळद घालून मळलेल्या हौद्यातल्या मातीत जोर-बैठका काढलेला माणूस गोळा फेकताना जोर कुठून लावतो, हे कॅमेऱ्याने शोधावे. गोळा तळहातात नव्हे तर बोटांच्या मुळाशी टेकतो, मानेला चिकटतो, आणि फेक खऱ्या अर्थाने पायांपासून व कमरेपासून सुरू होते. चेहऱ्याच्या सुरकुत्यांवर रेंगाळणारा कॅमेरा एकदा पावलांवर आणून पाहा.

धावण्याचे चित्रण मंदगतीने करण्याचा मोह मात्र कटाक्षाने टाळावा, कारण ज्या खेळात सेकंदाचा शंभरावा भाग मोजला जातो, तिथे वेळच ताणली तर उरते काय? भगवानी देवी डागर यांनी २०२२ मध्ये फिनलंडमधील टांपेरे येथे, वयाच्या ९४व्या वर्षी, १०० मीटर अंतर २४.७४ सेकंदांत पार केले. एवढा वेळ एखादे दृश्य न कापता, पार्श्वसंगीताविना चालू ठेवले, तर प्रेक्षक स्वतःच श्वास रोखून बसेल. (संगीताच्या बाबतीत आपल्याकडचे संकलक बासरीला इतके का सोकावले आहेत, हे मला आजवर उमगलेले नाही.) बोलण्यात मराठीबरोबर कानडी शब्द येत असतील तर ते तसेच राहू द्यावेत आणि खाली उपशीर्षके द्यावीत, पुस्तकी मराठीतल्या निवेदनाने ती माणसे परकी वाटू लागतील.

राहिला धापेचा प्रश्न. शंभर मीटर पळून आलेला विशीतला मुलगाही गुडघ्यांवर हात टेकून उभा राहतो, त्यामुळे त्यात लपवण्यासारखे काही नाही. मात्र निर्णय मुलांचा नाही आणि तुमचाही नाही. संकलित भाग आजोबांना शेजारी बसवून दाखवावा आणि त्यांची संमती मराठीत लिहून, वाचून दाखवून घ्यावी. पडणे, दुखापत किंवा औषधोपचार यांच्या दृश्यांना ते नको म्हणाले, तर ती दृश्ये कितीही प्रभावी असली तरी वगळावीत.

प्रश्न : निपाणीकडील आमच्या एका ज्येष्ठ धावपटूंची जन्मतारीख दाखल्यावर १ जून आहे, पण घरचे लोक त्यांना दोन वर्षांनी मोठे समजतात. माहितीपटात कोणते वय द्यावे?

उत्तर : शाळेत नाव घालताना गुरुजींनी १ जून ही तारीख लिहून टाकलेली कितीतरी माणसे त्या पिढीत आहेत. स्पर्धेचा गट कागदपत्रांवरूनच ठरतो, म्हणून पडद्यावर दाखल्यावरचेच वय द्यावे. फौजा सिंग यांनी २०११ मध्ये टोरोंटोची मॅरेथॉन पूर्ण केली तेव्हा पारपत्रानुसार ते शंभर वर्षांचे होते, तरीही जन्माचा तत्कालीन दाखला नसल्याने गिनीजने तो विक्रम स्वीकारला नाही. घरच्यांची आठवण घरच्यांच्याच तोंडून येऊ द्यावी. निवेदकाने तिची बेरीज-वजाबाकी करू नये.