चितमपल्ली वाचले, तरी रानात काही ओळखू येत नाही. आता कोणती पुस्तकं वाचावीत, आणि कशी?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुण्यात नोकरी, सुट्टीला भीमाशंकर नाहीतर ताम्हिणी, सोबत नऊ वर्षांची मुलगी. मारुती चितमपल्लींची दोन-तीन पुस्तकं झाली, वाचताना मजा आली, पण रानात उभं राहिलं की सगळी झाडं सारखीच दिसतात.

याचं साधं कारण म्हणजे तुम्ही पुस्तक एका रानाचं वाचलंत आणि फिरताय दुसऱ्याच रानात. चितमपल्लींची वनखात्यातली बरीच वर्षं विदर्भात, नवेगावबांध, नागझिरा, मेळघाट या भागात गेली. ते पानगळीचं रान: साग, मोह, तेंदू, ऐन, बांबू. भीमाशंकरच्या माथ्यावर त्यातलं फार थोडं सापडेल. तिथे अंजनी, जांभूळ, पिसा, हिरडा आणि उतारावर कारवी. त्यात 'अंजन' आणि 'अंजनी' ही तर हमखास गफलत. अंजन म्हणजे हार्डविकिया बिनाटा, खानदेश-विदर्भाकडच्या कोरड्या रानातला उंच वृक्ष, जोडपानाचा. अंजनी म्हणजे मेमेसायलॉन अम्बेलाटम, घाटमाथ्यावरचं सदाहरित झाड, निळ्या-जांभळ्या फुलांचे झुबके खोडा-फांद्यांना चिकटून येतात. पुस्तकात एक वाचून रानात दुसरं शोधलं तर ते सापडणार नाहीच. म्हणून वहीत मराठी नावाशेजारी शास्त्रीय नाव लिहायची सवय पहिल्या दिवसापासून लावा. कंटाळवाणं वाटतं, पण त्याला पर्याय नाही.

चितमपल्ली सोडू नका, वाचायची पद्धत बदला. त्यांच्या लेखनात स्वतः पाहिलेलं आणि आदिवासींकडून, जुन्या वनमजुरांकडून ऐकलेलं एकमेकांत मिसळून येतं. गोडी त्यातच आहे, पण ओळख करून घेताना पेन्सिलीने दोन वेगळ्या खुणा करत चला: हे पाहिलेलं, हे ऐकलेलं. व्यंकटेश माडगूळकरांचं 'नागझिरा' ओळखीसाठी नाही, पाहायचं कसं यासाठी वाचा. एका जागी बसून राहिल्यावर काय काय समोर येतं हे त्यातून कळतं. त्यांचं 'सत्तांतर' वानरांच्या टोळ्यांवर आहे. कादंबरी आहे, पण नवा हुप्प्या टोळी ताब्यात घेतो तेव्हा पिल्लांवर काय गुदरतं, हा अभ्यासकांनी नोंदवलेला प्रकार आहे.

दुर्गा भागवतांचं 'ऋतुचक्र' (1956) घरात असेलच, नसेल तर आणा. ते एका बैठकीत संपवू नका. चैत्र लागला की चैत्राचा लेख, वैशाखात वैशाखाचा. लेख वाचून झाला की त्याच आठवड्यात आपल्या रस्त्यावरची झाडं बघायची: कशाला पालवी, कशाला फूल, कुठल्या झाडाखाली काय पडलंय. वर्षभरात जी वही तयार होते, ती बाजारातल्या कुठल्याही मार्गदर्शिकेपेक्षा तुमच्या परिसराला जास्त लागू पडते.

झाडांसाठी श्री. द. महाजनांचं 'देशी वृक्ष', आणि पावसाळी फुलांसाठी श्रीकांत इंगळहळीकरांचं 'फ्लॉवर्स ऑफ सह्याद्री'. मात्र चित्रं चाळून झाड ओळखायला जाऊ नका. आधी चार गोष्टी बघा: पानं समोरासमोर आहेत की एकाआड एक, पान साधं आहे की संयुक्त (म्हणजे अनेक छोट्या पर्णिकांचं मिळून एक), देठ मोडल्यावर चीक येतो का, आणि साल कशी आहे. नवखा माणूस बहुतेक वेळा दुसऱ्या मुद्द्यावर अडकतो, पर्णिकेलाच पान समजतो. बहाव्याचं पान म्हणजे तो हातभर लांब दांडा आणि त्यावरच्या जोड्या मिळून एक. पळसाच्या तीन पर्णिका मिळून एक पान. खात्री करायची तर देठ जिथे फांदीला टेकतो त्या बेचक्यात बघा. पानाच्या बगलेत बारीक कळी असते, पर्णिकेच्या बगलेत नसते. कळी दिसेपर्यंत मागे मागे जायचं, म्हणजे पूर्ण पान हाती लागतं. हे सगळं खाली पडलेल्या फांदीवर करा. भीमाशंकर अभयारण्य आहे. तिथे फांदी तोडणं, रोप उपटून आणणं हा गुन्हा आहे, 'अभ्यासासाठी' म्हटलं तरीही. चिकाची परीक्षा घराजवळच्या झाडांवर शिकून घ्या, आणि चीक डोळ्याला लागू देऊ नका.

पक्ष्यांसाठी सालीम अलींचं 'द बुक ऑफ इंडियन बर्ड्स' (1941) अजूनही सुरुवातीला सगळ्यात सोयीचं, घ्यायचं ते मात्र नंतरच्या सुधारित आवृत्तीत. त्यातली खरी कामाची गोष्ट म्हणजे आकाराची मोजपट्टी: चिमणी, बुलबुल, साळुंकी, कबूतर, कावळा, घार असे ओळखीचे पक्षी धरून 'साळुंकीपेक्षा थोडा मोठा', 'बुलबुलापेक्षा लहान' असं माप दिलेलं असतं. रानात पुस्तक उघडण्याआधी वहीत या क्रमाने लिहा: आकार, चोच, शेपटी, करत काय होता, जमिनीपासून किती उंचीवर होता, आवाज. रंग सगळ्यात शेवटी. उजेड पक्ष्याच्या पाठीमागून येत असेल तर शेंड्यावरचा तांबट काळा ठिपका दिसतो आणि सावलीत हिरवा पक्षी मळकट तपकिरी. शिवाय नर-मादी वेगळे असतात. कोकीळ काळा आणि त्याची मादी ठिपक्यांची तपकिरी, तर नवे लोक त्या दोन जाती म्हणून लिहून मोकळे होतात. मोबाइलवरचं आवाज ओळखणारं ॲप वापरा, पण त्याने नाव सांगितलं म्हणून यादीत टिकमार्क करू नका. पक्षी दिसल्यावरच करा.

वही पेन्सिलीनेच लिहा. घाटातल्या दमट कागदावर बॉलपेन चालत नाही आणि जेलची शाई पसरते. एका खेपेला एकच मार्गदर्शिका न्या, झाडांची किंवा पक्ष्यांची. दोन्ही नेल्या तर एकही धड उघडली जात नाही.

जिम कॉर्बेटची नरभक्षकांची पुस्तकं सगळेच वाचतात. तुमच्या कामाचं त्याचं 'जंगल लोअर' (1953) आहे. माग, आवाज, इशारे वाचायला तो लहानपणापासून कसा शिकला, ते त्यात आहे. माग बघायचे तर सकाळी लवकर, ऊन तिरपं असताना, आणि सूर्याकडे तोंड करून. मग ठशाच्या कडेची सावली उठून दिसते. दुपारी डोक्यावर ऊन आलं की तोच ठसा सपाट होऊन जातो. भीमाशंकरला बिबट्या आहे, आणि त्याच वाटांवर गावची कुत्रीही फिरतात. कुत्र्याच्या ठशात नखं उमटतात, बिबट्या नखं आत ओढून चालतो, त्यामुळे सहसा उमटत नाहीत. चिखलात घसरला असेल तर मात्र उमटू शकतात, तेव्हा एका ठशावर निकाल देऊ नका, ओळीने चार-पाच तरी बघा.

आता संवर्धनाची पुस्तकं. इथे लेखकाच्या नावाइतकंच सालही महत्त्वाचं. 1972 च्या वन्यजीव कायद्याची माहिती देणाऱ्या जुन्या पुस्तकांत सहा अनुसूची, म्हणजे संरक्षणाच्या दर्जानुसार प्राण्यांच्या याद्या, सापडतील. 2022 च्या दुरुस्तीने त्या चार केल्या, त्यामुळे 'अमुक प्राणी अमुक अनुसूचीत' हे वाक्य जुन्या पुस्तकातून उचलू नका. नोंद कुठून आली हेही पाहावं लागतं. रानपिंगळ्याचं प्रकरण यासाठी मुद्दाम वाचण्यासारखं आहे. ब्रिटिश पक्षीतज्ज्ञ ह्यूमने 1873 मध्ये या घुबडाचं वर्णन केलं, 1884 नंतर तो कोणालाच मिळाला नाही. अपवाद एकच, ब्रिटिश लष्करी अधिकारी आणि पक्षी-संग्राहक माइनर्ट्‌झहागनचा गुजरातेतल्या मांडवीचा 1914 चा नमुना, म्हणजे मारून जपून ठेवलेला पक्षी. त्याच्या भरवशावर झालेले शोध रिकामे गेले. पुढे अमेरिकन पक्षीतज्ज्ञ पामेला रासमुसेन यांनी तो नमुना तपासला तर कळलं, खानदेशात डेव्हिडसन या जुन्या संग्राहकाने जमवलेलं कातडं चोरून त्यावर खोटी चिठ्ठी लावलेली आहे. ती नोंद वगळून जुन्या खऱ्या नमुन्यांच्या ठिकाणी शोध घेतला, आणि नोव्हेंबर 1997 मध्ये शहाद्याजवळ रानपिंगळा दिसला. एका खोट्या चिठ्ठीपायी पक्षी 'नामशेष झाला असावा' म्हणून पुस्तकांत जाऊन बसला होता.

सह्याद्रीसाठी, पश्चिम घाट कसा राखावा हे सुचवायला केंद्र सरकारने नेमलेल्या माधव गाडगीळ समितीचा 2011 चा अहवाल मुळातून वाचा, नेटवर फुकट मिळतो. घाट तीन पातळ्यांच्या संवेदनशील क्षेत्रांत वाटलेला आहे आणि निर्णयात ग्रामसभांना जागा दिली आहे. भांडण सगळं तिथूनच पेटलं. नंतर आलेल्या कस्तुरीरंगन समितीने (2013) घाटाचा सुमारे 37 टक्के भाग संवेदनशील धरला. दोन्ही शेजारी ठेवून वाचल्याशिवाय वर्तमानपत्रातल्या बातम्यांचा अर्थ लागत नाही. आणि मिलिंद बोकिलांचं 'गोष्ट मेंढा गावाची' चुकवू नका. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाने 2006 च्या वनहक्क कायद्याखाली 2009 मध्ये आपल्या जंगलावर सामूहिक हक्क मिळवला. कुंपण घालून माणसं बाहेर काढणं म्हणजेच संवर्धन, असं शहरात बसून आपण धरून चालतो. त्याला हे पुस्तक चांगलं उत्तर आहे. भीमाशंकरच्या परिसरातले महादेव कोळी हिरडा गोळा करतात, तेव्हा तुमच्यासाठी हा प्रश्न गडचिरोलीइतका दूरचा नाही.

मुलीसाठी किरण पुरंदरेंचं 'पक्षी आपले सख्खे शेजारी' घ्या. आधी सोसायटीतले पक्षी करू द्या, रान नंतर. दुर्बीण तिच्यासाठी 8×32 ची, म्हणजे आठपट मोठं दाखवणारी, बघा. दहापट मोठं दाखवणारी घेतली तर लहान हातात चित्र थरथरतं, पक्षी सापडत नाही आणि दोन खेपांत दुर्बीण कपाटात जाते.