पडद्यावरचा बेसबॉलपटू : खरा कोण, नट कोण?

प्रश्न : कॉलेजच्या फिल्म क्लबात ‘खेळाडू स्वतःच्याच भूमिकेत’ असा तासाभराचा कार्यक्रम करतोय. बेसबॉलमधले कोणते प्रसंग घ्यावेत? इंटरनेटवरच्या याद्या एकमेकींशी जुळत नाहीत.
– एक वाचक, गंगापूर रोड, नाशिक

उत्तर : फाळक्यांच्या नाशकात हा विषय निघाला याचा आनंद आहे. याद्या जुळत नाहीत, कारण खेळाडूने स्वतः केलेलं काम, त्याचं जुनं चित्रण आणि नटाने वठवलेला खेळाडू हे तिन्ही त्यात एकत्र कोंबलेले असतात. श्रेयनामावली बघा. नावापुढे ‘आर्काइव्ह फुटेज’ असेल तर ते खोडा.

न्यूयॉर्क यँकीज या बेसबॉल संघाचा खेळाडू लू गेरिग घ्या. 1938 च्या ‘रॉहाइड’ या वेस्टर्नपटात तो स्वतः आहे. 1942 च्या ‘द प्राइड ऑफ द यँकीज’ या त्याच्या चरित्रपटात मात्र गेरिग झालाय नट गॅरी कूपर, कारण गेरिग आदल्याच वर्षी वारला होता. त्याच चित्रपटातला बेब रूथ, म्हणजे गेरिगचा संघसोबती, मात्र खराखुरा आहे.

आपल्याकडे हमखास घोळ होतो तो रिंकू सिंगचा. ‘मिलियन डॉलर आर्म’ (2014) मध्ये या भारतीय पिचरची (चेंडू फेकणाऱ्या खेळाडूची) भूमिका सूरज शर्मा या नटाने केली आहे. क्रिकेटपटू रिंकू सिंग वेगळाच. दोघांचीही नावं यादीत नकोत.

कार्यक्रमाचा गाभा ‘द जॅकी रॉबिन्सन स्टोरी’ (1950) हाच ठेवा. 15 एप्रिल 1947 ला ब्रुकलिन डॉजर्सकडून उतरून रॉबिन्सनने मेजर लीग या अमेरिकेतल्या सर्वोच्च बेसबॉल लीगमधली कृष्णवर्णीयांवरची बंदी मोडली आणि तीनच वर्षांनी, खेळत असतानाच, स्वतःची भूमिका केली. संवादात तो अवघडलेला वाटतो, म्हणून बोलण्याचे प्रसंग कमी घ्या. मैदानावरची पाच-सात मिनिटं निवडा. उंच धरलेली बॅट, पावलं किंचित आत वळवून धावणं, हे बघायला सांगा. मग ‘यँकीज’मधला कूपरचा तुकडा लावा. कूपर उजवा, गेरिग डावखुरा. डाव्या हाताने खेळायचं कूपरला मुद्दाम शिकावं लागलं. रॉबिन्सनचा आणि कूपरचा तुकडा लागोपाठ दाखवलात की खेळाडू आणि नट यांतला फरक आपोआप कळेल.

सुरुवातीला हॅरल्ड लॉइडचा मूकपट ‘स्पीडी’ (1928) लावा. त्यात टॅक्सी भन्नाट पळते नि मागे रूथ जीव मुठीत धरून बसलेला असतो. ‘दॅट टच ऑफ मिंक’ (1962) मधला मँटल, मॅरिस, बेरा या यँकीजच्या खेळाडूंचा प्रसंगही झकास आहे. पण हुज्जत घालणाऱ्या खेळाडूला अंपायर थेट मैदानाबाहेर काढू शकतो, हे आधी सांगा. क्रिकेटच्या प्रेक्षकाला त्याशिवाय त्यातली गंमत कळत नाही.

परवानगीचं म्हणाल, तर भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षं असतो. त्यामुळे वरच्या जुन्या चित्रपटांची मुदत संपली आहे. तरी स्ट्रीमिंगच्या घरगुती खात्यावरून सार्वजनिक खेळ लावू नका, त्यांच्या अटी वेगळ्या असतात. मूकपटावर नव्याने चढवलेल्या संगीताचे हक्कही स्वतंत्र असतात. ‘स्पीडी’ दाखवताना आवाज बंद ठेवा.