वाटणीपत्र जानेवारीतलं, विधेयक डिसेंबरातलं

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. इतर वाचकांसाठी हकीकत थोडक्यात सांगतो. तुमचं लग्न १९९१ साली झालं. वडील २००३ मध्ये मृत्युपत्र न करता वारले. मागे आई, दोन भाऊ आणि तुम्ही. आणि आजोबांकडून आलेली आठ एकर शेतजमीन. जानेवारी २००५ मध्ये भावांनी शंभर रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर आपसांत वाटणीपत्र केलं, त्यावरून पुढे फेरफार झाला, आणि सातबाऱ्यावर तुमचं नाव लागलंच नाही. आता त्यातली तीन एकर विकायला काढली आहे, विसार घेऊन झालाय आणि खरेदीदाराच्या वकिलाने तुमची संमतीची सही मागितली आहे. तुम्ही हिस्स्याचं नाव काढताच भावांनी तीन उत्तरं दिली. एक, महाराष्ट्राच्या कायद्यात १९९४ पूर्वी लग्न झालेल्या मुली बसत नाहीत. दोन, संसदेचा कायदा सप्टेंबर २००५ चा, वडील त्याआधीच गेले. तीन, वाटणीही त्याआधीच झाली. त्यातच तुमच्या लेकीला मोबाइलवर मजकूर आलाय की मुलींच्या हक्काचं नवं विधेयक संसदेत मांडलं आहे; तेव्हा तोवर थांबावं का, असं तुम्ही विचारता.

सही करू नका आणि थांबूही नका. तुमचा काडीचाही हक्क नसता, तर त्या वकिलाने तुमची सही मागितलीच नसती. त्याने कागद वाचलेत.

आता एकेक मुद्दा घेऊ. महाराष्ट्राचा कायदा तुमच्या भावांनी चुकीचा सांगितलेला नाही. २२ जून १९९४ पासून राज्याने हिंदू वारसा कायद्यात कलम २९-अ घातलं, मुलींना एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मतः हिस्सा दिला, आणि त्यातच एक ओळ टाकली की या तारखेपूर्वी लग्न झालेल्या मुलीला हे लागू नाही. त्या ओळीने राज्यातल्या कितीतरी बहिणींना बाहेर ठेवलं, तुम्हालाही ठेवलं असतं. पण वारसा, एकत्र कुटुंब आणि वाटणी हे विषय राज्यघटनेच्या समवर्ती सूचीत येतात, पाचव्या क्रमांकावर. म्हणजे त्यावर राज्य विधानमंडळ आणि संसद, दोघांनाही कायदा करता येतो. दोन्ही कायदे एकमेकांना छेद देऊ लागले की अनुच्छेद २५४ पाहायचा. राज्याच्या कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळालेली असली तरी त्याच विषयावर संसदेने नंतर वेगळा कायदा केला, तर जिथे विरोध आहे तिथे संसदेचा कायदा चालतो. २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने हिंदू वारसा कायद्याचं कलम ६ नव्याने लिहिलं, आणि त्यात लग्न झालेली आणि न झालेली असा भेदच ठेवला नाही. मुलगी ती मुलगी. त्यामुळे १९९१ हे साल आता या वादात कामाचं नाही.

दुसरा मुद्दा वडिलांच्या मृत्यूचा. इथे भावांना सगळा दोष देता येणार नाही, कारण काही वर्षं न्यायालयांतही हेच चाललं होतं. २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फुलवती प्रकरणात म्हटलं की ९ सप्टेंबर २००५ रोजी, म्हणजे ही दुरुस्ती अमलात आली त्या दिवशी, मुलगी आणि वडील दोघेही हयात हवेत. २०१८ मध्ये दनम्मा प्रकरणात वडील २००१ मध्येच वारले होते, तरी मुलींना हिस्सा मिळाला. दोन्ही निकाल दोन-दोन न्यायमूर्तींचे, आणि खालच्या कोर्टात प्रत्येक बाजू आपल्या सोयीचा काढून दाखवायची. शेवटी ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने फुलवतीचा तो भाग मोडीत काढला. मुलीचा हक्क जन्मावरून येतो, वडिलांच्या मरणावरून नाही; म्हणून वडील त्या दिवशी हयात असण्याची अट नाही. हक्क बजावता येतो तो ९ सप्टेंबर २००५ पासून, पण तो उभा आहे तुमच्या जन्मावर. भावांना ज्यांनी सल्ला दिला त्यांचं वाचन बहुधा २०१५ पाशी थांबलं असावं.

खरी लढाई तिसऱ्या मुद्द्यावर आहे. भाऊ म्हणतात कायदा सप्टेंबरचा, वाटणी जानेवारीची, मग वाटणी आधीची झाली की नाही? ऐकायला बिनतोड वाटतं. पण संसदेचा कायदा एका दिवसात जन्माला येत नाही. या कायद्याचं विधेयक २० डिसेंबर २००४ रोजी राज्यसभेत मांडलं गेलं. मग ते संसदेच्या स्थायी समितीकडे गेलं, ऑगस्ट २००५ मध्ये दोन्ही सभागृहांनी मंजूर केलं, ५ सप्टेंबरला राष्ट्रपतींची संमती मिळाली, आणि सरकारने राजपत्रात अधिसूचना काढून ते ९ सप्टेंबरपासून अमलात आणलं. यातली नेमकी कुठली तारीख तुमच्या वाटणीला लागू, हे कायद्यानेच लिहून ठेवलं आहे. कलम ६ जुन्या वाटण्यांना आणि विक्रीला अभय देतं, पण ते अंमलाच्या दिवसापर्यंतच्या नव्हे. २० डिसेंबर २००४ च्या आधीच्या. ज्या दिवशी विधेयक सभागृहात आलं, त्या दिवसाआधीच्या.

इतकी मागची तारीख का घेतली असावी? माझ्या समजुतीप्रमाणे कारण अगदी घरगुती आहे. विधेयक मांडलं की ते सगळ्या देशाला वाचायला मिळतं. मुलींना वाटा मिळणार हे कळल्यावर, कायदा होईपर्यंतच्या त्या आठ-नऊ महिन्यांत किती घरांत घाईघाईने स्टॅम्पपेपर आणले गेले असते, याचा अंदाज कोणालाही यावा. संसदेने ती फट आधीच बुजवली. तुमच्या भावांनी त्याच हेतूने जानेवारी २००५ मध्ये कागद केला असं मी म्हणत नाही, मला ते माहीत नाही, आणि दाव्यात तुम्हीही तसा आरोप करू नका. सिद्ध करत बसावं लागेल. तारीख पुरेशी आहे. तो कागद रेषेच्या चुकीच्या बाजूला पडला आहे.

शिवाय तो नोंदणीकृत नाही. याच कलमात वाटणी म्हणजे काय, तेही सांगितलं आहे: नोंदणी कायद्याप्रमाणे रीतसर नोंदवलेला दस्त, नाहीतर कोर्टाचा हुकूमनामा. साधा स्टॅम्पपेपर, मग त्यावर नोटरीचा शिक्का असला तरी, यात येत नाही.

इथे समोरचा वकील काय करील तेही सांगून ठेवतो, कारण त्याच्या जागी असतो तर मीही तेच केलं असतं. तो म्हणेल, खरी वाटणी २००३ मध्ये वडील गेल्यावर तोंडी झाली होती, जानेवारीतला कागद ही फक्त तिची याद, म्हणजे आठवणीसाठी केलेली लेखी नोंद. विनीता शर्मा निकालात तोंडी वाटणीला दार जवळजवळ बंद केलं आहे. नुसत्या साक्षींवर ती मानायची नाही. अपवाद म्हणून मानायचीच तर सरकारी दप्तरातल्या कागदांनी ती पक्की शाबीत झालेली हवी. म्हणून तुम्ही पहिल्यांदा त्या वाटणीपत्रातलं वाक्य पाहा. 'आज रोजी आम्ही वाटणी करीत आहोत' असं असेल तर 'ही फक्त याद' हा बचाव तिथेच लंगडा पडतो. 'पूर्वी झालेल्या वाटणीप्रमाणे' असं असेल, तर २० डिसेंबर २००४ पूर्वीचा एकतरी फेरफार, वेगळं खातं, सोसायटीचं वेगवेगळं कर्ज त्यांना दाखवावं लागेल. तलाठी कार्यालयातून वारस नोंदीचा आणि वाटणीचा, दोन्ही फेरफारांच्या नकला काढा. वारस नोंदीत तुमचं नाव कदाचित 'इतर हक्क' रकान्यात गेलेलं असेल. बहिणींची नावं तिथे ढकलायची सवय जुनी आहे. आणि फेरफाराने मालकी ठरत नाही, ती नोंद महसुलापुरती असते, हेही लक्षात असू द्या.

तुमच्या वाट्याला येईल किती? इथे मला एक गंमत सापडली. जमीन आजोबांकडून वडिलोपार्जित म्हणून आली असेल, तर आई, दोन भाऊ आणि तुम्ही, प्रत्येकी एक चतुर्थांश, म्हणजे तुमचे दोन एकर. आता समजा समोरच्यांनी मुद्दा काढला की ती आजोबांची स्वकष्टार्जित होती आणि आजोबा १९५६ मध्ये हिंदू वारसा कायदा आल्यानंतर वारले, म्हणून वडिलांच्या हातात ती त्यांची स्वतंत्र मिळकत झाली आणि २००५ ची दुरुस्ती तिला लागूच नाही. असा मुद्दा कायद्यात टिकतो. पण मग त्याच कायद्याचं कलम ८ लागतं, आणि ते तर १९५६ पासूनच मुलाला, मुलीला, विधवेला सारखा वाटा देतं. पुन्हा तुमचे दोन एकर. आणि क्षणभर धरून चाला की तिन्ही मुद्द्यांवर भाऊच बरोबर आहेत, सगळं जुन्या कायद्याने चाललं. तेव्हाही वडिलांच्या मृत्यूच्या आदल्या क्षणी वडील, आई आणि दोन भाऊ यांच्यात वाटणी झाली असं कल्पून त्यांचा चौथा हिस्सा वेगळा काढायचा आणि तो चार वारसांत वाटायचा. तुम्हाला सोळावा हिस्सा, म्हणजे आठ एकरांत वीस गुंठे. 'तुझा काही संबंध नाही' हे वाक्य कुठल्याच कायद्यात बसत नाही.

मोबाइलवरच्या मजकुराबद्दल फार लिहीत नाही. विधेयक मांडणं म्हणजे कायदा होणं नव्हे. अशा बातम्यांमागे पुष्कळदा एखाद्या खासदाराने स्वतःच्या नावाने मांडलेलं खासगी विधेयक असतं. अशी आजवर फक्त चौदा विधेयकं कायद्यात उतरली आणि १९७० नंतर एकही नाही. सरकारी विधेयकही दोन्ही सभागृहांत मंजूर व्हावं लागतं, राष्ट्रपतींची संमती लागते, आणि कायद्यात तसं लिहिलं असेल तर सरकारने अंमलाची तारीख जाहीर करेपर्यंत तो कागदावरच राहतो. दिल्लीच्या घरभाड्याचा १९९५ चा कायदा संसदेने केला, त्याला संमती मिळाली, आणि तो अमलात कधी आलाच नाही. तुम्हाला नव्या कायद्याची गरजही नाही. आहे तो पुरेसा आहे.

मला काळजी वाटते ती दोन गोष्टींची. पहिली, तुम्ही लिहिता की २००५ च्या सुमारास तलाठ्याकडे 'कशावर तरी' सही केली होती. तुमच्या हिश्श्याचं हक्कसोडपत्र नोंदणीशिवाय चालत नाही, त्यामुळे तलाठ्यासमोरच्या जबाबाने हक्क जात नाही. पण ती सही दुय्यम निबंधकांच्या, म्हणजे दस्त नोंदवणाऱ्या, कार्यालयात झाली असेल तर गोष्ट बदलते. तिथे तुमच्या नावाने आणि गट क्रमांकाने शोध घ्या. हे तुम्ही घरातल्या कोणालाही न सांगता करू शकता.

दुसरी काळजी मुदतीची. एकत्र मिळकतीतून आपल्याला वगळलं आहे हे कळल्यापासून बारा वर्षांत दावा लावावा लागतो. भाऊ म्हणतील, हिला २००५ पासूनच माहीत होतं. तुमच्या बाजूने सांगण्यासारखं असं की सहहिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांच्या वतीने असतो, आणि कोणीतरी उघडपणे 'तुझा हक्क नाही' असं म्हटल्याखेरीज ते घड्याळ सुरू होत नाही. तुम्ही लिहिलंय की अगदी परवापर्यंत भाऊ दरवर्षी उत्पन्नातला काही भाग पाठवत होते. हा तुमच्या पत्रातला मला सगळ्यात मोलाचा वाटलेला मजकूर. ते पैसे बँकेतून आले असतील तर पासबुकाच्या नोंदी काढून ठेवा. मोबाइलवरचे 'यंदाचे पाठवलेत' असे निरोप पुसू नका.

मग दिवाणी न्यायालयात वाटप आणि स्वतंत्र ताब्याचा दावा, सोबत तीन एकरांच्या विक्रीला तात्पुरत्या मनाईचा अर्ज. दाखल होताच दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकांकडे नोंदवून घ्या, म्हणजे पुढे घेणाऱ्याला 'मला माहीत नव्हतं' म्हणता येणार नाही. त्याआधी खरेदीदाराला आणि भावांना वकिलामार्फत स्पीड पोस्टाने नोटीस पाठवा. बरेचसे व्यवहार त्या एका पाकिटानेच थांबतात, कारण वादाची जमीन घ्यायला कोणी पटकन तयार होत नाही. हुकूमनामा झाल्यावर शेतजमिनीची प्रत्यक्ष मोजणी आणि वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं, त्याला वेळ लागतो. मनाची तयारी ठेवा. वकिलाच्या फीची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. स्त्रियांना तिथे मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.

शेवटी एक गोष्ट, जी तुम्ही विचारलेली नाही. वाटपाच्या दाव्यात सगळ्या हिस्सेदारांना पक्षकार करावंच लागतं. त्यामुळे तुमच्या आईचं नाव प्रतिवादी म्हणून लागेल, भावांच्या खालोखाल. तिच्याविरुद्ध काही मागायचं नसतं, तिचा चौथा हिस्साही त्याच दाव्यात मोकळा होतो, पण समन्सवर तसं लिहिलेलं नसतं. बेलीफ दारात यायच्या आधी तिच्याकडे जा आणि हे तिला तुमच्या तोंडून सांगा.