चहाच्या पैशातला सिनेमा

प्रश्न : ‘साँग ऑफ सिलोन’ हा १९३४ चा माहितीपट पाहिला. चहावाल्यांनी काढून घेतला म्हणे, पण अर्धा संपला तरी चहाचा पत्ता नाही! ही जाहिरात की कविता? आणि निवेदन इतकं जुनाट का?

उत्तर : फिल्म सोसायटीत पहिल्यांदा पाहिला तेव्हा मीही चहाचीच वाट बघत होतो. त्यात प्रोजेक्टरचा आवाज घोगरा, निम्मं निवेदन कळलंच नाही.

पैसे सिलोन टी प्रोपगंडा बोर्डाचे, म्हणजे सिलोनच्या (आजच्या श्रीलंकेच्या) चहाचा प्रचार करणाऱ्या मंडळाचे, हे खरं. त्यांना हवे होते चार छोटे प्रवासपट. दिग्दर्शक बेसिल राइटने चार भागांचं एकच चित्र हातात ठेवलं. निवेदन जुनाट वाटतं कारण ते जुनंच आहे. रॉबर्ट नॉक्स हा इंग्रज खलाशी या बेटावरच्या कँडीच्या राजाच्या कैदेत जवळपास वीस वर्षं होता. निसटल्यावर १६८१ साली त्याने पुस्तक छापलं, त्यातले हे उतारे. वाचणारा मात्र कोलंबोचाच, छायाचित्रकार लायनेल वेंट. बेटावर अडकलेल्या परक्याचे शब्द बेटावरच्या माणसाच्या तोंडी! मला ही गंमत फार उशिरा लक्षात आली.

पहिल्या भागात श्रीपाद डोंगराची यात्रा आहे. घंटा वाजते, पक्षी उडतो आणि कॅमेरा त्याच्यामागे धावतो. कविता म्हणाल तर ती इथे.

तिसऱ्या भागात मात्र कान टवकारा. पडद्यावर एक माणूस सरसर माडावर चढतोय, आणि कानावर पडतायत बाजारभाव, जहाजांच्या खबरा, व्यापारी पत्रांचा मायना. त्याला त्यातलं काही ऐकू येत नाही, आपल्याला येतं. वसाहतीचा व्यापार कसा चालायचा, हे कुणी भाषण न देता कळतं. म्हणून मी याला पैसे घेऊनही न केलेली जाहिरात म्हणतो.

तरी एक राग आहेच. १८६९ पासून तांबेरा रोगाने कॉफीचे मळे बसले, तिथे चहा आला. मळ्यांवर राबायला दक्षिण भारतातून तमिळ मजूर नेले. त्यांना कंगाणी, म्हणजे मुकादम, गोळा करून न्यायचा. उचलीचं कर्ज मानेवर असायचं. सिलोनच्या १९४८ च्या नागरिकत्व कायद्याने त्यांच्यातल्या लाखोंना परकं ठरवलं. तो कायदा राइटला कुठून ठाऊक असणार? पण कंगाणी तेव्हाही होता, आणि चित्रात इतके आवाज असून त्याचा आवाज नाही.

पुन्हा बघणार असाल तर तिसरा भाग आधी डोळे मिटून ऐका.